मृत्यूच्या भरपाईचा निकाल लागला, पैसे मात्र येत नाहीत? या चुका टाळा

परांचीवरून पडून माणूस गेला, बायकोने कामगार न्यायालयात वर्षानुवर्षं खेपा घातल्या आणि निकाल बाजूने लागला. आता धनादेश घरी येईल, असं बहुतेक घरांना वाटतं. तो येत नाही. निकाल हा मालकाला दिलेला हुकूम असतो. मालक गप्प बसला तर पुढची हालचाल आपल्यालाच करावी लागते.

पहिली चूक दिवस मोजण्याची. 1923 च्या कर्मचारी भरपाई कायद्यात उच्च न्यायालयात अपिलाला 60 दिवस आहेत, दोन महिने नव्हेत. 1 जुलैच्या निकालाची मुदत 30 ऑगस्टला संपते. सही-शिक्क्याच्या नकलेसाठी लागलेला वेळ यातून वजा होतो, पण अर्ज केल्यापासून नक्कल तयार होईपर्यंतचाच. म्हणून निकालाच्या दिवशीच नकलेचा अर्ज टाका. उशीर झालाच तर विलंबमाफीचा अर्ज करता येतो. त्यात दिवसागणिक खरं कारण लिहा, 'आजारी होते' एवढ्यावर भागत नाही. आणि रक्कम थोडी कमी वाटते म्हणून अपिलात जाऊ नका. तिथे कायद्याचा महत्त्वाचा मुद्दा लागतो.

मालकाने अपील केलं की घरचे हबकतात. खरं तर भरपाईच्या हुकुमाविरुद्ध अपील करताना पूर्ण रक्कम आयुक्तांकडे (म्हणजे भरपाईचा निकाल देणाऱ्या अधिकाऱ्यांकडे) जमा केल्याचा दाखला मालकाला जोडावाच लागतो. तो जोडलाय का, हे वकिलांना आधी बघायला सांगा. नुसतं अपील म्हणजे स्टे नव्हे. स्टे नसेल तर जमा रक्कम काढण्याचा अर्ज लगेच करा. आपल्याला न ऐकता स्टे मिळू नये म्हणून कॅव्हेट टाकून ठेवा. ते 90 दिवस चालतं, पुढे नवीन टाकावं लागतं.

पैसा खरा अडकतो तो वसुलीत. कलम 31 प्रमाणे ही रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल होते: आयुक्तांचा वसुली दाखला जिल्हाधिकाऱ्यांकडे, तिथून तहसीलदारांकडे, मग नोटीस, जप्ती, लिलाव. मुंबई शहराचं जिल्हाधिकारी कार्यालय फोर्टला जुन्या कस्टम हाऊसमध्ये, उपनगराचं वांद्रे पूर्वेला. दाखला गेला की लोक निर्धास्त होतात. काही महिन्यांनी कागद परत येतो, त्यावर शेरा: 'सदर इसम दिलेल्या पत्त्यावर राहत नाही, जप्तीयोग्य मालमत्ता आढळली नाही.' तलाठी कंत्राटदाराची मालमत्ता शोधत फिरणार नाही, ती माहिती आपणच द्यायची. चालू साइटचा पत्ता, त्याच्या नावावरची गाडी, पगाराच्या चेकवरचं बँकेचं नाव, गावाकडचा सातबारा, जे असेल ते. मालमत्ता ठाणे किंवा पालघरला असेल तर 1890 च्या महसूल वसुली कायद्याने दाखला त्या जिल्ह्यात पाठवता येतो. तसा अर्ज द्या. फाइलचा जावक क्रमांक लिहून घ्या, त्याशिवाय टेबलावर कोणी दाद देत नाही.

याचं मूळ बरेचदा दाव्यातच असतं. फक्त मुकादम-कंत्राटदाराला पक्षकार केलं आणि ज्याचं काम चालू होतं त्या मूळ मालकाला सोडलं, तर वसूल करायला उरतो तो रिकाम्या खिशाचा माणूस. कलम 12 मूळ मालकालाही जबाबदार धरतं. दावा चालू आहे तोवर हे सुधारून घ्या.

बाहेर स्टँप पेपरवर तडजोड करू नका. मृत्यूची भरपाई आयुक्तांकडेच जमा व्हावी लागते, आणि हक्क सोडल्याचा करार कायद्याने रद्दबातल आहे.

शेवटचं, फार जणांकडून सुटणारं: विमा कंपनीचा चेक आला की फाइल बंद करतात. भरपाई थकवल्याबद्दल 12 टक्के सरळ व्याज असतं आणि सबळ कारण नसेल तर 50 टक्क्यांपर्यंत दंड. व्याज सहसा विमा कंपनी भरते. दंड मात्र मालकाच्या खिशातून यायचा असतो. निकालात दंड असेल तर तेवढ्यासाठी मालकाविरुद्ध वेगळा वसुली अर्ज द्या.

हे सगळं 1923 च्या कायद्याखालच्या निकालांबद्दल. 21 नोव्हेंबर 2025 पासून सामाजिक सुरक्षा संहिता लागू झाली आहे, त्यामुळे त्यानंतरचा अपघात असेल तर कलमं वकिलांकडून नव्याने तपासून घ्या.