साली, देठ आणि काड्यांचं सुगंधी पाणी कसं करावं

लिंबू पिळून झालं की हातात उरलेली साल नखाने जरा दाबून बघा. बारीक तुषार उडतात आणि बोटांना असा वास लागतो, जो रसाला कधीच येत नाही. रसात आंबटपणा असतो. लिंबाचा खरा वास मात्र सालीवरच्या ठिपक्यांत भरलेल्या तेलात असतो. पुदिन्याची पानं खुडल्यावर राहिलेल्या काड्या, आल्याची खरवडलेली साल, काकडीची टोकं यांचंही थोडंफार तसंच आहे. खाताना आपण चव ठेवतो आणि वास टाकून देतो.

तो टाकलेला वास पाण्यात उतरवायचा, एवढंच हे काम आहे. त्यासाठी मुद्दाम फळं आणू नयेत असं माझं ठाम मत आहे. चांगलं फळ चकत्या करून पाण्यात बुडवलं की पाण्याला जेमतेम चव येते आणि फळ पाणचट होऊन वाया जातं. फळ खावं आणि पाणी उरलेल्याचं करावं.

धुणं आधी, सोलणं नंतर

साली कचऱ्याच्या डब्यातून उचलायच्या नसतात, तिथे पोचण्याआधीच त्या अडवायच्या असतात. म्हणून सुरुवात फळ चिरण्यापूर्वी होते. एरवी सोलून खायचं फळ आपण धुवायचा कंटाळा करतो. इथे तो चालत नाही, कारण ज्या भागाला माती, हात आणि फवारणी लागलेली असते, नेमका तोच भाग आपण पाण्यात घालणार आहोत. शिवाय न धुतलेल्या फळावरून सुरी फिरली की बाहेरचे जंतू आतल्या गरापर्यंत जातात. खरबुजासारख्या जाळीदार सालीच्या फळाबाबत तर ही काळजी दुप्पट घ्यावी.

फळ वाहत्या पाण्याखाली धरून हाताने चोळा. साल टणक असेल तर स्वच्छ ब्रश वापरा. साबण किंवा भांड्यांचं द्रावण लावू नका, ते सालीच्या छिद्रांत शिरून राहू शकतं. साठवणुकीसाठी संत्री-लिंबांवर पुष्कळदा मेणाचा पातळ थर आणि बुरशीनाशक दिलेलं असतं. अशी फळं कोमट पाण्यात ब्रशने घासावीत.

फवारणीची धास्ती वाटत असेल तर खायच्या सोड्याचा उपयोग होतो. अमेरिकेतल्या मॅसॅच्युसेट्स विद्यापीठातल्या संशोधकांनी २०१७ मध्ये सफरचंदांवर हे तपासून पाहिलं. एक लिटर पाण्यात १० ग्रॅम सोडा घालून त्यात सफरचंदं १२ ते १५ मिनिटं ठेवल्यावर दोन कीडनाशकांचे वरवरचे अवशेष बऱ्याच अंशी निघाले. मात्र सालीच्या आत मुरलेला भाग निघाला नाही. म्हणजे सोड्याने फरक पडतो, पण तो सगळं धुऊन काढत नाही. फवारणी न केलेली फळं मिळत असतील तर साली त्यांच्याच वापराव्यात.

काय ठेवायचं, काय टाकायचं

संत्रं, लिंबू, मोसंबी यांच्या साली पहिल्या मानाच्या. त्यांचा फक्त रंगीत भाग हवा, खालचा पांढरा पापुद्रा कडू असतो. अननसाचा मधला दांडा कडक म्हणून बाजूला पडतो, पण तो गोड असतो. नीट घासलेली अननसाची सालही चालते. स्ट्रॉबेरीचे हिरवे शेंडे थोड्या गरासकट घ्या. कलिंगडाच्या हिरव्या सालीखालचा पांढरा भाग पाण्याला काकडीसारखा थंड, सौम्य स्वाद देतो. सफरचंद आणि नासपतीच्या साली घ्या, गाभाही घ्या, फक्त बिया काढून टाका. पुदिना, तुळस, कोथिंबीर यांच्या काड्या, गवती चहाच्या पात्यांची जाड टोकं, बडीशेपेच्या रोपाची झुपकेदार पानं आणि आल्याची साल, सगळं कामाचं. काकडीचं देठाकडचं टोक तेवढं आधी जिभेला लावून बघा. कडूपणा तिथेच साठतो आणि एक कडू टोक सगळं पाणी बिघडवतं.

आता नको त्या वस्तू. सफरचंदाच्या बिया, जर्दाळू, पीच, चेरी यांच्या बिया आणि कोयी घालू नका. त्यांत असलेल्या अमिग्डालिनपासून सायनाइड तयार होतं. आंब्याची साल टाळा. तिच्यातल्या चिकाने काहींच्या ओठांवर आणि त्वचेवर पुरळ उठतं. डाळिंबाची साल तुरट आणि कडू, केळ्याची साल पाण्यात निरुपयोगी. टोमॅटोचा पाला, बटाट्याच्या साली आणि रुबार्बची पानं यांत अपायकारक द्रव्यं असतात, त्यांना इथे जागाच नाही.

बुरशी आलेला तुकडा दिसला तर तेवढाच भाग कापून बाकीचा वापरू नका. मऊ फळात बुरशीचे तंतू दिसतात त्याहून खोल गेलेले असतात आणि सडक्या सफरचंदात पॅट्युलिन नावाचं विष तयार होऊ शकतं. सुकलेलं, वाकडंतिकडं, कडेने तपकिरी पडलेलं चालेल. बुळबुळीत, आंबूस वासाचं किंवा बुरशी धरलेलं चालणार नाही.

झाकणाचा एक डबा

रोज एका फळाची साल निघते, तेवढ्याने लिटरभर पाणी होत नाही. म्हणून फ्रिजमध्ये झाकणाचा एक डबा ठेवा आणि चिरताना जे निघेल ते लगेच त्यात टाका. दोन दिवसांत वापरणार नसाल तर डबा फ्रीझरमध्ये जाऊ द्या. आधी ताटात सुटं पसरून गोठवलं तर गोळा होत नाही, हवं तेवढं मूठभर काढता येतं.

गोठवण्याचा आणखी एक फायदा आहे, आणि मला तो साठवणुकीपेक्षा मोठा वाटतो. फळातलं पाणी गोठताना बर्फाचे स्फटिक पेशींच्या भिंती फोडतात. त्यामुळे वितळताना रस आपोआप बाहेर येतो. अननसाचा ताजा दांडा पाण्यात तासन्‌तास ढिम्म पडून राहतो, गोठवलेला दांडा मात्र लवकर स्वाद सोडतो. नाजूक पानं गोठवली तर काळी पडतात, वास बराचसा टिकतो. दिसायला चांगलं हवं असेल तर पानं ताजी घ्यावीत.

चिरा, पिळा, चेचा

लिंबू-संत्र्याची साल सोलाण्याने पातळ काढा. फळ पिळण्याआधी साल काढली तर सोपं जातं. पिळून झालेल्या लिबलिबीत अर्ध्या भागावर सोलाणं चालत नाही. पट्टी दोन्ही हातांनी धरून पिळा, तेलाचे तुषार पाण्यातच पडू द्या. ही तेलं पाण्यात फारशी विरघळत नाहीत, त्यामुळे सालीतून ती जितकी मोकळी कराल तितकाच वास येणार. नुसती अख्खी साल बुडवून ठेवली की पाणी बेचव का लागतं, ते यावरून कळेल.

काड्या लाटण्याने किंवा खलबत्त्यात एकदा-दोनदा दाबा. तंतू सुटले पाहिजेत, चटणी व्हायला नको, नाहीतर पाणी हिरवं, गढूळ होतं आणि गवतासारखं लागतं. टणक वस्तू बारीक चिरा, मऊ वस्तू मोठ्या ठेवा.

भांडं आणि प्रमाण

काचेचा जग किंवा स्टीलचं भांडं घ्या. तांबं, पितळ आणि ॲल्युमिनियम नको. आंबट पदार्थांच्या संपर्कात हे धातू पाण्यात उतरतात.

एक लिटर पिण्याच्या गार पाण्याला एका संत्र्याची किंवा दोन लिंबांची साल पुरते. फळांचे तुकडे असतील तर सैल भरलेली एक वाटी. पुदिना किंवा तुळशीच्या पाच-सहा काड्या, आल्याच्या सालीचे दोन चमचे. पहिल्यांदा करताना एक साल आणि एक काडी एवढंच ठेवा. घरात आहे ते सगळं एकाच जगात गेलं की कशाचाच वास ओळखू येत नाही. मला स्वतःला संत्र्याची साल आणि आलं, कलिंगडाचा पांढरा भाग आणि पुदिना, अननसाचा दांडा आणि तुळस या जोड्या आवडतात. सफरचंदाची साल एकटी फार दबकी असते, तिला दालचिनीचा एक तुकडा सोबतीला द्या.

किती वेळ मुरवायचं

बहुतेकांचं पाणी इथे बिघडतं. जितका जास्त वेळ तितका जास्त स्वाद, असा समज असतो. खरं तर सुगंध आधी उतरतो आणि कडूपणा मागून येतो. मधल्या वेळेत पाणी गाळून घ्यायचं असतं.

जग झाकून फ्रिजमध्येच ठेवा. काकडी आणि पुदिन्याला एक-दोन तास पुरतात. पातळ सोललेल्या लिंबू-संत्र्याच्या सालीला दोन ते चार तास. पांढरा पापुद्रा राहिला असेल तर तासाभराने चव घ्यायला लागा. अननसाचा दांडा, सफरचंदाची साल, आलं यांना सहा-आठ तास किंवा रात्रभर चालतं. दोन गोष्टी एकत्र असतील तर हळू मुरणारी रात्री घाला आणि पुदिना सकाळी. दर तासाला घोटभर चाखत राहा. दोन-तीनदा केल्यावर घड्याळाची गरज लागत नाही.

चव जमली की गाळा. चोथा पाण्यात तसाच ठेवून त्यावर दिवसभर पाणी ओतत राहू नका. त्याच दिवशी, फ्रिजमधल्याच जगात एकदा पुन्हा भरायला हरकत नाही, दुसरं पाणी फिकं होईल एवढंच. गाळलेलं पाणी फ्रिजमध्ये ४ अंश सेल्सियस किंवा त्याखाली ठेवून शक्यतो २४ तासांत, फार तर दोन दिवसांत संपवा. बाहेर काढलेला जग दोन तासांपेक्षा जास्त ठेवू नये. हवा ३२ अंशांच्या वर असेल तर एकच तास. फेस, बुळबुळीतपणा किंवा आंबल्याचा वास आला तर चाखूनही न बघता ओतून द्या.

टणक वस्तूंसाठी गरम पद्धत

आल्याची साल, गवती चहा, दालचिनी, सफरचंदाची साल यांना थंड पाणी फारसं मानवत नाही. पाणी उकळा, त्यात त्या घाला, पाच मिनिटं मंद आचेवर ठेवा, गॅस बंद करून दहा मिनिटं झाका. मग गाळून थंड करा आणि लगेच फ्रिजमध्ये ठेवा. लिंबाची साल उकळू नका. तिचा वास वाफेबरोबर उडून जातो आणि कडूपणा तेवढा मागे उरतो. ती थंड झालेल्या पाण्यात शेवटी घाला. घरात गरोदर बाई, लहान मूल, वृद्ध किंवा प्रतिकारशक्ती कमी असलेलं कोणी असेल तर या उकळलेल्या पद्धतीलाच चिकटून राहावं.

याच्याकडून काय अपेक्षा ठेवावी

असं पाणी शरीरातली ‘विषं’ बाहेर काढतं, असं जागोजागी सांगितलं जातं. ते काम यकृत आणि मूत्रपिंडं करत असतात, संत्र्याच्या सालीचा त्यात वाटा नाही. जीवनसत्त्वंही नाममात्र उतरतात. फायदा आहे तो साधा: साखर न घालता पाणी चवदार लागतं, म्हणून जास्त प्यायलं जातं आणि गोड पेयांची आठवण कमी होते. माझ्या दृष्टीने एवढं कारण भरपूर आहे.

दोन सूचना मात्र मनावर घ्या. लिंबाच्या फोडी गरासकट घातल्या तर पाणी आंबट होतं, आणि असं पाणी दिवसभर घोट-घोट घेत राहिल्याने दातांवरचं कवच झिजतं. ते जेवणासोबत प्यावं, वर साध्या पाण्याची चूळ भरावी आणि अर्धा-एक तास ब्रश करू नये. नुसत्या रंगीत सालीच्या पाण्यात आम्ल फारच कमी उतरतं, सालीला माझी पसंती आहे ती यासाठीही. दुसरी सूचना ग्रेपफ्रूटची: कोलेस्टेरॉलच्या आणि रक्तदाबाच्या काही गोळ्यांचं रक्तातलं प्रमाण या फळामुळे धोकादायक वाढतं. नियमित औषधं चालू असतील तर डॉक्टरांना विचारल्याशिवाय त्याची सालही वापरू नका.

गाळलेला चोथा खताच्या कुंडीत घाला. लिंबू-संत्र्याच्या साली कुजायला वेळ घेतात, म्हणून त्या कात्रीने बारीक कापा आणि वरून सुका पालापाचोळा पसरा.