माजी कमांडो युद्धाचा इतिहास सांगतो तेव्हा तो ऐकायचा कसा

स्पेशल फोर्सेसमधून रिटायर होऊन युद्धाचा इतिहास लिहिणारा, चॅनेलवर बोलणारा माणूस दिसला की आपण एकतर सगळं डोळे झाकून मान्य करतो नाहीतर फेकतोय म्हणून मोकळे होतो. दोन्ही आळशीपणाच.

आधी बघा की तो कुठल्या युनिटमध्ये, कुठल्या वर्षांत आणि नेमकं काय काम करत होता. छोट्या टीममध्ये नोकरी काढलेला माणूस रणगाड्यांच्या मोठ्या लढाईवर बोलायला लागला की तिथे तो अनुभवावर नाही, वाचनावर बोलतोय, मग वाचलंय काय ते विचारायचं.

त्याचा खरा उपयोग वजन, वेळ, थकवा असल्या गोष्टींत. उदाहरणार्थ एप्रिल १९८० चं अमेरिकेचं ईगल क्लॉ ऑपरेशन. इराणमधले ओलीस सोडवायला ८ हेलिकॉप्टर निघाली, किमान ६ हवी होती, वाळवंटात पोचून चालू राहिली ५, मिशन रद्द, आणि परत निघताना एक हेलिकॉप्टर उभ्या सी-१३० मालवाहू विमानावर आदळून ८ जण गेले. आपण म्हणणार अहो एकच तर कमी होतं, ५ वर भागवायचं! पण एक कमी म्हणजे कुणाला मागे ठेवायचं, त्यांचं काम कोण करणार आणि परतताना ओलिसांना बसवायचं कुठे, हे तोच नीट सांगू शकतो.

आता आकडे. जानेवारी १९९१ मध्ये इराकमध्ये उतरलेली एसएएस या ब्रिटिश कमांडो दलाची ब्राव्हो टू झिरो टीम, ८ जण, त्यातले ३ मेले, ४ पकडले गेले, एकटा चालत सीरियात पोचला. वाचलेल्यांपैकी काहींनी पुस्तकं लिहिली आणि त्यांचे तपशील एकमेकांशी जुळत नाहीत. पुढे मायकल ॲशर, जो स्वतः एसएएसमध्ये राहिलेला, तिथे जाऊन तो रस्ता चालला, तिथल्या बदूंशी, म्हणजे वाळवंटातल्या भटक्या अरबांशी, बोलला, आणि मोठ्या चकमकींच्या गोष्टी बऱ्याच बारीक झाल्या. अर्थात बदूंची आठवणही दहा वर्षं जुनीच की! म्हणून प्रसंग एकच घ्या, दोन-तीन जणांचं सांगणं शेजारी ठेवा, नकाशावर अंतर मोजा, पाठीवर ओझं घेऊन तेवढ्या रात्रीत ते होतं का बघा, रेडिओ लॉग किंवा वॉर डायरी (युनिटची रोजची नोंदवही) खुली झाली असेल तर आधी ती.

चालू युद्धावर बोलत असेल तर त्याचं भाकीत तारखेसकट वहीत लिहून ठेवा आणि तीन महिन्यांनी वही उघडा.