गृहकर्जाचा खरा खर्च वहीवर कसा मांडावा

कर्ज घेताना आपण एकच प्रश्न विचारतो: हप्ता किती बसेल? पगारातून तेवढा निघतोय असं दिसलं की सही होते. पण हप्ता म्हणजे कर्जाची किंमत नव्हे. घर आपल्याला शेवटी कितीला पडलं हे ठरतं दोन गोष्टींवर: एकूण किती हप्ते भरले, आणि त्यातले किती पैसे व्याजात गेले. हा हिशेब बँक आपणहून समोर बसून मांडत नाही. तो आपला आपण मांडावा लागतो. त्यासाठी एक वही, साधा कॅलक्युलेटर आणि रविवारची एक दुपार पुरते.

सगळीकडे एकच उदाहरण घेऊ. पुणे महापालिका हद्दीत ५० लाखांचा फ्लॅट, ४० लाखांचं कर्ज, व्याजदर ८.५ टक्के, मुदत २० वर्षं. तुमचे आकडे वेगळे असतील, पण रीत हीच.

पहिली पायरी: हप्ता गुणिले महिने

या कर्जाचा हप्ता येतो ३४,७१३ रुपये. वीस वर्षांचे महिने २४०. गुणाकार करा: ८३ लाख ३१ हजार. म्हणजे घेतले ४० लाख, परत दिले सव्वा त्र्याऐंशी लाखांच्या वर, आणि त्यातलं व्याज ४३ लाख ३१ हजार. हा आकडा वहीच्या पहिल्या पानावर मोठ्या अक्षरात लिहा. पुढचा प्रत्येक निर्णय याच आकड्याशी ताडून बघायचा आहे.

आता हेच कर्ज वेगवेगळ्या मुदतींना मांडा. १५ वर्षांना हप्ता ३९,३९० आणि व्याज सुमारे ३०.९ लाख. ३० वर्षांना हप्ता ३०,७५७ आणि व्याज ७०.७ लाख. तीस वर्षं घेतली तर वीसच्या तुलनेत महिन्याला जेमतेम चार हजार वाचतात आणि व्याज २७ लाखांनी वाढतं. 'हप्ता हलका करून देतो' असं कुणी म्हणालं, की हे तीन आकडे एकाखाली एक लिहून बघा.

दुसरी पायरी: पहिल्या हप्त्याची फोड

हे एकदा तरी स्वतःच्या हाताने करावं. शिल्लक मुद्दल गुणिले व्याजदर भागिले १२००, की त्या महिन्याचं व्याज मिळतं. ४०,००,००० × ८.५ ÷ १२०० = २८,३३३. हप्ता ३४,७१३. म्हणजे पहिल्या महिन्यात मुद्दलात गेले फक्त ६,३८०. पुढच्या महिन्यात शिल्लक ३९,९३,६२०, त्यावर व्याज २८,२८८, मुद्दलात ६,४२५. असे बारा महिने लिहून काढा. पान भरेपर्यंत लक्षात येतं की मुद्दल किती सावकाश हलतंय.

पाच वर्षांनी काय होतं? तोवर तुम्ही २० लाख ८३ हजार भरलेले असतात. मुद्दल उरलेलं असतं ३५ लाख २५ हजार. म्हणजे वीस लाखांच्या वर भरून कर्ज कमी झालं पावणेपाच लाखांनी. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा जास्त व्हायला १४३ वा हप्ता उजाडावा लागतो, म्हणजे बारावं वर्ष सरत आलेलं असतं.

यात फसवणूक नाही. जितकं मुद्दल बाकी तितकं त्यावर व्याज, एवढंच गणित आहे. पण यातूनच कळतं की पहिल्या पाच-सात वर्षांत जे कराल त्याचा परिणाम सगळ्यात मोठा.

तिसरी पायरी: हप्त्याबाहेरचे पैसे

३० ते ७५ लाखांच्या कर्जाला रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार मालमत्तेच्या किमतीच्या जास्तीत जास्त ८० टक्के रक्कम मिळते, आणि मुद्रांक शुल्क व नोंदणी खर्च या किमतीत धरत नाहीत. म्हणून आपल्या उदाहरणात खिशातून जाणारे पैसे असे: स्वतःचा हिस्सा १० लाख, मुद्रांक शुल्क ७ टक्क्यांनी साडेतीन लाख, नोंदणी फी ३० हजार. घर फक्त स्त्रीच्या नावावर घेतलं तर मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे, म्हणजे इथे ५० हजार वाचतात. बांधकाम चालू असलेल्या इमारतीत घेत असाल तर जीएसटी ५ टक्के, म्हणजे आणखी अडीच लाख. पूर्णत्वाचा दाखला मिळाल्यानंतर विकल्या जाणाऱ्या फ्लॅटवर जीएसटी लागत नाही.

जीएसटी धरून होणारे हे सोळा लाख उभे करायला बरेच जण सोनं गहाण ठेवतात किंवा वैयक्तिक कर्ज काढतात. त्याचंही व्याज वहीत याच पानावर लिहा, कारण ते याच घरासाठी आहे.

बांधकाम चालू असताना बँक टप्प्याटप्प्याने पैसे सोडते आणि तोवर फक्त व्याज घेते. समजा सरासरी २० लाख सोडलेले आहेत. महिन्याला १४,१६७ रुपये गेले, आणि मुद्दल एक रुपयाही कमी झालं नाही. दोन वर्षं ताबा लांबला तर ३ लाख ४० हजार. शिवाय तोवर राहत्या घराचं भाडं चालूच असतं.

विम्याकडे नीट बघा. कर्ज मंजूर होताना 'लोन प्रोटेक्शन' म्हणून एकरकमी हप्त्याची पॉलिसी पुढे करतात आणि तिची रक्कम कर्जातच मिसळतात. एक लाखाची पॉलिसी अशी मिसळली तर वीस वर्षांत तिचे दोन लाख आठ हजार भरता. विमा हवाच, घरात कमावणारं एकच माणूस असेल तर नक्कीच हवा. पण तो त्याच बँकेतून, कर्जात मिसळूनच घ्यावा असा कोणताही नियम नाही. वेगळी टर्म पॉलिसी (मुदतीत मृत्यू झाला तरच पैसे देणारा साधा विमा) किती पडते ते आधी विचारा.

प्रोसेसिंग फी, वकिलाची फी, मूल्यांकन फी, गहाणाच्या नोंदणीचा खर्च हे सगळं एका कागदावर मिळतं. १ ऑक्टोबर २०२४ पासून रिटेल, म्हणजे व्यक्तींना दिल्या जाणाऱ्या कर्जांसाठी 'की फॅक्ट्स स्टेटमेंट' देणं बंधनकारक आहे. त्यात एपीआर नावाचा दर असतो: व्याज आणि बँकेमार्फत आकारलेले इतर खर्च धरून वर्षाला पडणारा खरा दर. दोन बँकांची तुलना जाहिरातीतल्या दराने करू नका, या दराने करा.

चौथी पायरी: उरलेले हप्ते मोजत राहा

सगळ्यात जास्त पैसे इथे जातात, तेही आवाज न करता. म्हणून इथे थोडं थांबतो.

२०१९ च्या ऑक्टोबरपासून बँकांची बदलत्या दराची नवी गृहकर्जं बाहेरच्या मापदंडाला, बहुतेक ठिकाणी रेपो दराला (रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते त्याला), जोडलेली आहेत. मे २०२२ च्या सुरुवातीला रेपो ४ टक्के होता, फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५ टक्के झाला. आम्ही डिसेंबर २०२१ मध्ये २५ लाखांचं कर्ज घेतलं होतं, ६.७५ टक्क्यांनी, वीस वर्षांसाठी. दर वाढत गेला तसे बँकेचे मेसेज येत होते. हप्ता जेमतेम हजारभराने वाढला होता, त्यामुळे फारसं काही वाटलं नाही. जून २०२३ मध्ये बायकोने कर्जाचा उतारा छापून आणला आणि एका ओळीवर बोट ठेवलं. अठरा हप्ते भरून झाले होते. उरायला हवे होते २२२. कागदावर होते ३४२. आमचं वीस वर्षांचं कर्ज तीस वर्षांचं झालं होतं आणि ते आम्हाला सहा महिन्यांनी कळत होतं.

दुसऱ्या दिवशी शाखेत अर्ज दिला: मुदत मूळची ठेवा, हप्ता वाढवा. हप्ता साडेबावीस हजारांच्या आसपास गेला. ओढाताण झाली, पण दर तोच राहिला असता तर एकूण भरण्यात अठरा लाखांचा फरक पडला असता.

आपल्या ४० लाखांच्या उदाहरणातही हेच मांडून बघा. दोन वर्षांनी दर ८.५ वरून ९.५ झाला, शिल्लक मुद्दल ३८ लाख ३४ हजार. हप्ता तसाच ठेवला तर उरलेले २१६ हप्ते होतात २६३. म्हणजे ४७ हप्ते जास्त, सोळा लाखांच्या वर. तेच मुदत न वाढवता हप्ता वाढवला तर महिन्याला सुमारे २,४०० रुपये जास्त, एकूण सव्वापाच लाखांच्या आत. दर दोन्हीकडे तोच. फरक फक्त मुदत ताणण्याचा.

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने याबाबत स्पष्ट सूचना काढल्या. दर बदलल्यावर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही, हे निवडण्याचा अधिकार कर्जदाराला दिलाच पाहिजे. दर तिमाहीला उतारा द्यायचा, त्यात आजवर वसूल झालेलं मुद्दल व व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर हे असलंच पाहिजे. तो उतारा आला की वहीत फक्त दोन आकडे टिपा, व्याजदर आणि उरलेले हप्ते. तीन महिन्यांत हप्ते तीनने कमी व्हायला हवेत. झाले नसतील तर त्याच आठवड्यात शाखेत जा.

दर उतरतो तेव्हाही लक्ष हवं. फेब्रुवारी २०२५ पासून रेपो उतरू लागला, जूनपर्यंत ५.५ टक्क्यांवर आला. अशा वेळी हप्ता कमी करून मागण्याचा मोह होतो. पगारात बसत असेल तर हप्ता तोच ठेवा आणि मुदत कमी होऊ द्या. शिवाय त्याच बँकेत नव्या ग्राहकाला काय दर आहे ते विचारा. जुन्या ग्राहकाचा दर बऱ्याचदा जास्त असतो. थोडी फी भरून तो कमी करून मिळतो, पण त्यासाठी अर्ज द्यावा लागतो.

पाचवी पायरी: आगाऊ भरणा, आणि अर्जात काय लिहायचं

बदलत्या दराच्या गृहकर्जाची मुदतीआधी फेड केली तर व्यक्तीकडून दंड घ्यायला बँकांना २०१२ पासून मनाई आहे. बोनस आला, भिशी लागली, गावाकडच्या जमिनीचे पैसे आले, तर इकडे वळवता येतात.

समजा पाच वर्षांनी दोन लाख भरले. अर्जात 'हप्ता तोच ठेवून मुदत कमी करा' असं लिहिलं तर १८० हप्त्यांचे १६१ होतात आणि व्याजाचे सुमारे ४ लाख ६७ हजार वाचतात. 'हप्ता कमी करा' असं लिहिलं तर हप्ता १,९७० रुपयांनी उतरतो आणि वाचतात १ लाख ५४ हजार. दोन लाख तेच. अर्जातल्या एका ओळीने तीन लाखांचा फरक. काही लिहिलंच नाही तर बँक तिच्या पद्धतीने एक पर्याय धरते, म्हणून लेखी द्या आणि पोच घ्या.

एक सांगतो, हातातले सगळे पैसे कर्जात ओतू नका. सहा महिन्यांचा घरखर्च आणि सहा हप्ते एवढी रक्कम बाजूला असल्याशिवाय आगाऊ भरणा करू नये. आजारपण आलं आणि पुन्हा वैयक्तिक कर्ज काढावं लागलं, तर वाचवलेलं व्याज तिकडे जातं.

सहावी पायरी: वजाबाकी

करसवलत धरताना आधी तुम्ही कोणत्या करप्रणालीत आहात ते बघा. जुन्या प्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट मिळते. नव्या प्रणालीत राहत्या घराला ती नाही. 'करात वाचतं म्हणून कर्ज चालू ठेव' हा सल्ला देणाऱ्याला हा प्रश्न जरूर विचारा. आणि वजावट मिळत असली तरी ३० टक्क्यांच्या टप्प्यातल्या माणसाचे दोन लाखांवर साठ हजार आणि थोडा उपकर वाचतो, दोन लाख नव्हे.

महागाईची बाजूही प्रामाणिकपणे मांडायला हवी. वर्षाला ५ टक्के महागाई धरली तर विसाव्या वर्षीचा ३४,७१३ चा हप्ता आजच्या तेरा हजारांइतका वाटेल. म्हणून ४३ लाख व्याज बघून छातीत धडकी भरवून घेऊ नका. पहिली वर्षं जड असतात, पगार वाढत गेला तर हप्ता हलका होत जातो. त्या वाढीतला थोडा भाग दरवर्षी हप्त्यात घालता आला तर उत्तम.

शेवटची पायरी: बोजा उतरवणं

शेवटचा हप्ता गेला की काम संपलं असं समजू नका. बँकेकडून कर्ज फिटल्याचा दाखला घ्या. मूळ कागदपत्रं पूर्ण फेडीनंतर ३० दिवसांत परत करण्याचा नियम डिसेंबर २०२३ पासून लागू आहे. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई तिने द्यायची असते. कर्ज देताना बँकेने कागदपत्रांची जी पोच दिली होती ती यादी समोर ठेवून एकेक कागद तपासा: करारनामा, इंडेक्स टू (नोंदवलेल्या कराराचा गोषवारा), नोंदणीची पावती, सोसायटीचं शेअर सर्टिफिकेट.

मग सोसायटीला पत्र देऊन त्यांच्या दप्तरातली बँकेची नोंद काढून घ्या. प्लॉट किंवा बंगला असेल आणि सातबाऱ्यावर किंवा मिळकत पत्रिकेवर बोजा, म्हणजे बँकेच्या कर्जाची नोंद, चढवलेला असेल, तर बँकेचं पत्र घेऊन तलाठी कार्यालयात किंवा नगर भूमापन कार्यालयात अर्ज द्या. बोजा आपोआप उतरत नाही. फेरफार मंजूर झाला की नवा उतारा काढा आणि इतर हक्कांच्या रकान्यात बँकेचं नाव उरलं नाही ना, ते स्वतः वाचून बघा.