खोल पाण्यात सरकता तरंगा

उजनी धरणाच्या काठावर गळानं मासे धरताना, जिथं पाणी एकदम खोल जातं, तिथं एका जागी पक्का बसवलेला तरंगा (गळाच्या दोरीवरचा तरंगणारा फ्लोट) कुचकामी. रॉड दहा फुटी, पाणी पंधरा फूट, मग तरंग्याखाली रॉडपेक्षा लांब दोरी लोंबते, फेकणार कसं? म्हणून तरंगा तंगुसावर, म्हणजे नायलॉनच्या दोरीवर, मोकळाच सोडला.

मोकळा म्हटलं की अडवायला काहीतरी हवं. वर दोऱ्याची सरकती आवळगाठ, तिच्याखाली मणी, मग तरंगा, खाली शिसं, आणि वीतभर अंतरावर गळ. मणी नसला तर गाठ तरंग्याच्या भोकातून सुळकन निघून जाते. गाठीची टोकं मात्र लांबच ठेवा. अगदी बुडाशी कापली तर रॉडच्या कड्यांत खरखर अडकतात.

खोली मोजायला गळाला जड शिसं लावायचं. तरंगा बुडाला तर गाठ वर सरकवायची, आडवा पडला तर खाली.

खरी मेख फेकल्यानंतर. रील लगेच बंद केली की गळ अधांतरी राहतो आणि तरंगा काठाकडे येतो. मी रील उघडीच ठेवून तंगूस सोडत राहिलो, तेव्हा कुठं तरंगा उभा राहिला. गांडुळाला चिलापीच लागली; असो, कालवणाला चालते. वारा असला तर रॉडचं टोक पाण्यात बुडवून ठेवा, म्हणजे तंगुसाला वारा धरत नाही.