त्सिबुल्स्की कसा बघायचा

कोल्हापुरात शिवाजी पेठेत आमच्या नाटकाच्या तालमीला येणाऱ्या नव्या पोरांना मी लगेच संवाद देत नाही. आधी १९५८चा ‘अ‍ॅशेस अँड डायमंड्स’ दाखवते. दिग्दर्शक आंद्रेय वायदा, नट झ्बिग्न्येव त्सिबुल्स्की, दोघंही पोलंडचे.

पहिल्यांदा सबटायटल वाचत गोष्ट समजून घ्या: मे १९४५, महायुद्ध संपतंय आणि माचेकला, म्हणजे त्सिबुल्स्कीच्या पात्राला, एका कम्युनिस्ट पुढाऱ्याला मारायचंय. दुसऱ्यांदा आवाज बंद करा आणि बारच्या प्रसंगावर थांबा. माचेक दारूचे ग्लास काउंटरवरून सरकवतो, एकेक पेटवतो; सोबती मेलेल्या मित्रांची नावं घेतो. वहीत फक्त त्याचे हात लिहा. कुठं घाई, कुठं थबकणं. मी हे पाच-सहा वेळा मागं नेऊन दाखवते, तेव्हा कुठं पोरांना दिसायला लागतं.

मग कपडे बघा. त्सिबुल्स्कीनं १९४५चा पोशाख नाकारला, स्वतःच्याच कपड्यांत, काळ्या चष्म्यात उभा राहिला. गॉगलची नक्कल मात्र नको.

तो नाटकातला माणूस, हे पोरांना सांगाच. क्राकूवला शिकला, १९५४ला ग्दान्स्कमध्ये नट बोगुमिल कोबिएलासोबत ‘बिम-बॉम’ हे विद्यार्थी नाट्यमंडळ उभं केलं. शब्द कमी, हालचाली जास्त.

८ जानेवारी १९६७ला व्रोत्सवाफ स्टेशनवर चालत्या गाडीत चढताना तो पडून वारला, वय ३९. हे शेवटी सांगा; आधी सांगितलं की पोरांचं लक्ष कामावरून उडतं. त्यानंतर टेबलावर चार स्टीलचे पेले मांडा आणि एकेकाला तो प्रसंग न बोलता करायला लावा.