१९०१ मधलं बायकांचं बॉक्सिंग बघायचंय? आधी स्पीड कमी करा

'गॉर्डन सिस्टर्स बॉक्सिंग' नावाची एडिसन कंपनीची १९०१ ची फिल्म आहे, दोन मिनिटंसुद्धा नाही. बेसी आणि मिनी गॉर्डन, व्हॉडेविलच्या (तेव्हाचे अमेरिकेतले गाणी, नाच, कसरती असे मिसळ करमणुकीचे खेळ) स्टेजवर बॉक्सिंग करून दाखवणाऱ्या बहिणी. मी पहिल्यांदा पाहिली ती कोणीतरी पियानो लावून टाकलेली कॉपी, दोघी चावी दिलेल्या बाहुल्यांसारख्या तुरुतुरु, हसून हसून पुरेवाट झाली आणि तिथेच फसलो.

तर पहिलं काम, लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या साइटवरून डाउनलोड करा, फुकट आहे. आणि आवाज बंद, कारण संगीत लागलं की आपण आपोआप कॉमेडी बघायला लागतो.

मग व्हीएलसी या व्हिडिओ प्लेअरमध्ये उघडा, कीबोर्डवरचा डावा चौकटी कंस [ दाबला की स्पीड कमी होतो. तेव्हा कॅमेरे बरेचदा हाताने फिरवायचे, एकच ठरलेला स्पीड असा नव्हताच, त्यामुळे आज सेकंदाला २४ फ्रेमने चालवलं की माणसं पळतात. पाऊणपट करून बघा, नाहीतर अजून खाली. बरोबर आलं कसं कळणार? तर स्कर्टकडे बघा, पाऊल टाकल्यावर घेर खाली बसतो तो खरा वाटला पाहिजे, गुरुत्वाकर्षण तेव्हाही एवढंच होतं 😄

चेहरे शोधत बसू नका, चित्र धूसर आहे. १९१२ पर्यंत अमेरिकेत फिल्मला स्वतंत्र कॉपीराइट नव्हता म्हणून कंपन्या फ्रेम न् फ्रेम कागदाच्या पट्टीवर छापून फोटो म्हणून नोंदवायच्या. कित्येक मूळ रीळं गेली, कागद टिकला, आणि पुढे त्यावरून परत फिल्म बनवली.

आता पाय बघा. कॅमेरा जागचा हलत नाही, मागे आपल्या संगीत नाटकात असायचा तसा रंगवलेला पडदा, आणि दोघी नखशिखांत फ्रेममध्ये, म्हणजे क्लोजअप-कटची लबाडी नाही. व्हीएलसीमध्येच कीबोर्डवरचं E दाबत एकेक फ्रेम पुढे न्या. ठोसा मारताना वजन कुठल्या पायावर आहे, मारून झाल्यावर हात परत गार्डला, म्हणजे बचावासाठी चेहऱ्यासमोर, येतो का, समोरची मार चुकवते की नुसती मागे सरकते. स्टेजचा खेळ आहे, जीवघेणी मारामारी नाही, पण गार्ड उगाच शिकत नाही कोणी.

एवढं झालं की १८९८ ची 'कॉमेडी सेट-टू' लावा, त्यात बेल गॉर्डन बिली कर्टिस या पुरुषाशी खेळते. तिथेही आधी पायच बघा.