मिडफिल्डर निवडताना मोठ्या आकड्यावर जाऊ नका

फिफा किंवा ईए एफसी या फुटबॉल व्हिडिओ गेममध्ये खेळाडूच्या कार्डावरचा मोठा आकडा, म्हणजे एकूण रेटिंग, हा खालच्या सहा आकड्यांची (वेग, पासिंग, फिजिकल वगैरे) सरासरी नसतो. खेळाडूच्या जागेला जे गुण लागतात त्यांना त्यात जास्त वजन मिळतं. सेंट्रल मिडफिल्डरसाठी, म्हणजे मैदानाच्या मधोमध खेळणाऱ्यासाठी, शॉर्ट पासिंग, बॉल कंट्रोल, व्हिजन (पास कुठे द्यायचा ते हेरणं) भारी. धावण्याचा वेग अगदी हलका. म्हणून फिफा 19 मध्ये मिडफिल्डर लुका मॉड्रिच एकूण 91 होता, पण वेग सत्तरीतलाच.

बडोद्यात सुट्टीला भावंडं जमली की कंट्रोलर हातात येताच सगळे आधी वेगच बघतात. विंगरसाठी, म्हणजे कडेने धावणाऱ्यासाठी, ते ठीक आहे.

मिडफिल्डरचं कार्ड मात्र उघडून आतले आकडे वाचाच. ‘पासिंग’मध्ये क्रॉसिंग (कडेने चेंडू गोलसमोर टाकणं), फ्री किक आणि कर्वही (चेंडू वळवणं) मिसळलेले असतात, त्यामुळे पासिंग 84 असलेल्या दोघांपैकी एकाचाच शॉर्ट पास खरा भरवशाचा असू शकतो. ‘फिजिकल’चंही तसंच: ताकद आणि उडी चांगली, पण स्टॅमिना कमी, असा गडी सत्तराव्या मिनिटाला पाय ओढू लागतो. मी तर स्टॅमिना आधी बघते, मग शॉर्ट पासिंग. बचावाला हवा असेल तर इंटरसेप्शन्स (पास मधेच अडवणं) आणि स्टँडिंग टॅकल (उभ्यानेच चेंडू हिसकावणं) तपासा.